गढीवरची चाळीस गाढवं

गढीच्या चाळीस भिंतींवर चाळीस गाढवं रंगवलेली होती, आणि प्रत्येक गाढवाच्या डोक्यावर महाराजांचा लाल मुकुट होता.

गढी खरी नव्हे हो, कॉम्प्युटरवरच्या खेळातली. दीडशे माणसं आपापल्या घरी बसून एकाच बेटावर राहतात, लाकडं तोडतात, जनावरं पाळतात आणि एकमेकांच्या जिवावर उठतात, असा तो खेळ. महाराज एरवी जयसिंगपुरात मोबाइलचं दुकान चालवतात. पण बेटावर कुणी त्यांना ‘दिगूशेठ’ म्हटलं की ते त्याला मगरींच्या तळ्यात टाकतात. मी त्यांचा आचारी. मला दोनदा टाकलंय.

गाढवं काढली होती फौजदारानं, म्हणजे शेजारच्या टोळीच्या म्होरक्यानं. पिवळा फेटा आणि कानापर्यंत वळवलेल्या मिशा, ही त्याची बेटभर ओळख. इथे भिंतीवरचा रंग फक्त साबणानं निघतो, आणि बेटावरचा सगळा साबण या गड्यानं आधीच गोळा करून ठेवला होता. माणूस वाईट, पण कामाला पक्का. त्यात त्याच दिवशी सूर्यास्ताला गढीवर मेजवानी होती. साऱ्या टोळ्या येणार होत्या, फौजदारासकट.

“पहाऱ्यावर कोण होतं?” महाराजांनी विचारलं.

“मी होते,” अक्काताई म्हणाल्या.

अक्काताई विट्याच्या. तिथे त्यांची लॉन्ड्री आहे. गुडघ्याच्या ऑपरेशननंतर घरी बसून कंटाळल्या, म्हणून खेळायला लागल्या. बेटावर त्यांनी बटाट्या नावाचं कासव पाळलं होतं, बैलगाडीएवढं. अंड्यातून निघाल्यावर तीन दिवस दर दोन तासांनी गजर लावून त्याला भरवलेलं. त्या दिवशीही त्यालाच भरवायला गेल्या होत्या आणि तेवढ्यात गाढवं आली.

“मग ऐका,” महाराज म्हणाले. “सूर्य बुडायच्या आत सगळ्या भिंती कोऱ्या हव्यात. आपल्याकडे साबण नाही. भिंत पाडायची नाही, वरून रंग फासून झाकायची नाही, खालचा दगड दिसला पाहिजे. आणि गढीतलं कुणी मदतीला येणार नाही. नाही जमलं तर टोळीतून बाहेर. कासव इथंच राहील. आचारी त्याचं सूप करेल.”

मी हातातली पळी खाली ठेवली. खेळाचा नियमच तसा आहे, माणूस टोळीतून गेला की जनावर टोळीचं. अक्काताई गयावया करू लागल्या.

“महाराज, त्यानं काय केलंय? तो तर नुसता कोबी खातो.”

“आज पोटभर खाऊन घे म्हणावं.”

हेडफोनमधून नाक ओढल्याचा आवाज आला. मला तर रडूच आलं, पण आचाऱ्याचं कोण ऐकतो. मग अक्काताई म्हणाल्या, “दोन डबे रंग द्या. एक पिवळा, एक काळा.”

“रंग काढायला रंग?”

“डाग कसा काढायचा ते आमच्याकडे गिऱ्हाईक सांगत नाही, महाराज.”

डबे मिळाले. बटाट्याच्या पाठीवर उभं राहून अक्काताई कामाला लागल्या. लाल मुकुटावर पिवळा रंग दिला की त्याचा फेटा व्हायचा. मग नाकाखाली काळ्या मिशा, थेट कानापर्यंत. गाढवाचे कान लांब, त्यामुळे मिशाही ऐसपैस झाल्या.

“अहो, झाकायचं नाही म्हणालो होतो!” महाराज ओरडले.

“झाकतेय कुठं? गाढव स्पष्ट दिसतंय की.”

काम उरकल्यावर त्यांनी बेटभर ऐकू जाईल असा निरोप सोडला. “फौजदारसाहेब, जेवायला जरा लवकर या. पाहुण्यांनी बघावीत म्हणून तुमची चित्रं लावलीयत.”

फौजदार वीस माणसं घेऊन आला. भिंतींकडे बघत उभाच राहिला. त्याच्यातलाच एकजण फिस्सकन हसला, त्याला तिथल्या तिथं घरी पाठवण्यात आलं.

“त्या मिशांवर रंग मारा,” फौजदार म्हणाला.

“साहेब, आपला रंग गाढवांतच संपला,” त्याचा माणूस म्हणाला.

“मग साबण लावा. पण फक्त मिशांना आणि फेट्याला. गाढव राहू द्या.”

“साबण निवडून पुसत नाही, साहेब. लावला की आख्खी भिंत कोरी होते.”

तेवढ्यात टेकडीपलीकडून पाहुण्यांचे ढोल ऐकू आले. फौजदारानं एकदा ढोलांकडे कान दिला, एकदा आपल्या मिशांकडे बघितलं आणि दात खाऊन म्हणाला, “लावा साबण!”

एकोणीस माणसं फेसात बुडाली. अक्काताई कमरेवर हात ठेवून मागे उभ्या. “दादा, ती वरची कड राहिली बघा,” असं म्हणाल्या की ते निमूट ती कडही घासत होते. काम संपवून फौजदार जेवायलासुद्धा थांबला नाही. मेजवानीतलं एक पान वाचलं.

महाराज खुशीत भिंती मोजत निघाले. एकोणचाळीस कोऱ्या करकरीत. चाळिसावी त्यांच्या आसनामागची, येणारा प्रत्येक पाहुणा जिच्याकडे तोंड करून बसणार होता ती. तिच्यावर गाढव होतं. फेटा नाही, मिशा नाहीत. डोक्यावर लाल मुकुट.

“अक्काताई, हे एक राहिलं.”

“राहिलं नाही महाराज, ठेवलंय.” त्यांनी फौजदाराच्या माणसानं विसरलेली साबणाची वडी दाखवली. “सूर्य अजून अर्धा वर आहे. आणि लॉन्ड्रीत आम्ही एका हातानं घेतो, दुसऱ्या हातानं देतो. बटाट्या माझ्या नावावर करा, ही वडी भिंतीला लागेल.”

महाराजांनी गाढवाकडे बघितलं. ढोल दाराशी आले होते. मग ते असे हसत सुटले की माइक खरखरला आणि मागून त्यांच्या बायकोचा आवाज आला, “अहो, काय झालं? गिऱ्हाईक उभं आहे.”

कासव अक्काताईंच्या नावावर झालं. वर बक्षीस म्हणून महाराजांनी मगरी हाकलून ते तळंही बटाट्याला डुंबायला दिलं. त्या मेजवानीत मी पहिल्यांदाच त्यांना सगळ्यांसमोर ‘दिगूशेठ, वाढू का?’ असं विचारलं.