मधल्या वर्षांची गोधडी

डोंगराच्या उतारावर वसलेल्या एका गावात एकदा एक वृद्धा राहत होती. गावची जमीन मुरमाड, पाऊस बेताचा. त्यामुळे मुलगा अठरा वर्षांचा झाला की भरतीला जाई आणि चाळिशी ओलांडल्यावर पेन्शन घेऊन परत येई. असे पिढ्यान्‌पिढ्या चालले होते. प्रत्येक घरात कोणीतरी गेलेले असे आणि कोणीतरी वाट पाहणारे असे.

त्या वृद्धेचे नाव गजराबाई. सारा गाव त्यांना आक्का म्हणे. त्या गोधड्या शिवत.

गावात एक जुनी रीत होती. जवान नोकरी संपवून कायमचा घरी आला की बायका मिळून त्याच्यासाठी एक गोधडी शिवत आणि सगळ्यांसमक्ष ती त्याच्या हाती देत. सरकारने दिलेली पदके भिंतीवर लागत, गावाने दिलेली गोधडी त्याच्या अंगावर येई. तीत कोणते कापड घालायचे, कोणत्या तुकड्याशेजारी कोणता तुकडा लावायचा, हे आक्का ठरवत. बाकीच्या बायका टाके घालत. आता आक्कांनी ऐंशी ओलांडली होती. सुईत दोरा ओवताना त्यांना सुई उजेडाकडे धरून बराच वेळ बसावे लागे. आपल्यानंतर हे काम कोणाच्या हाती द्यावे, हा विचार त्यांच्या मनात येऊ लागला होता.

ती व्यक्ती शालन असणार, असे सगळ्यांना वाटे. शालन चार वर्षांपूर्वी लग्न होऊन गावात आली. तिचा नवरा उत्तर सीमेवर होता. वर्षातून दोनदा येई. दोन वर्षांची मुलगी आणि सासू-सासरे एवढे तिचे घर. दुपारचे काम आटोपले की ती आक्कांकडे शिकायला बसे. तिच्या बोटांत विलक्षण कौशल्य होते. धावदोरा घालताना तिला रेघ आखावी लागत नसे आणि रंगांची जाण तर उपजतच होती. आक्का तिचे काम पाहत, मान हलवत. पण तोंडभरून कौतुक त्यांनी कधी केले नव्हते.

त्या वर्षी हवालदार हणमंतराव चोवीस वर्षांची नोकरी करून परतले. या खेपेची गोधडी शालनने एकटीने आखावी, असे आक्कांनी सांगितले. शालनला फार आनंद झाला. तिने हणमंतरावांच्या पत्नीकडून, उज्ज्वलाकडून, त्यांचा जुना गणवेश मागून आणला. नवे कापड आणले. मध्यभागी गणवेशाचा मोठा चौकोन, त्यावर रेशमाने त्यांचे नाव आणि पलटण, भोवती केशरी, पांढऱ्या आणि हिरव्या पट्ट्या, कडेला बारीक ताऱ्यांची किनार. अडीच महिने गावातल्या बायका तिच्या सांगण्याप्रमाणे टाके घालत होत्या. इतकी देखणी गोधडी यापूर्वी गावात झाली नाही, असे त्या एकमेकींना सांगत.

इकडे हणमंतरावांचे मन मात्र घरात लागत नव्हते. ते पहाटे उठत, अंथरुणाची घडी चौकोनी घालत आणि मग काय करावे हे न सुचून ओट्यावर बसून राहत. साखरेचा डबा कुठे आहे, विहिरीचा पंप कधी बदलला, शेजारच्या घरात आता कोण राहते, प्रत्येक गोष्ट त्यांना विचारावी लागे. आई जाऊन नऊ वर्षे झाली होती; बर्फाने वाट बंद असल्यामुळे ते तेव्हा येऊ शकले नव्हते. मुलगी ऋतुजा सतरा वर्षांची झाली होती. ती त्यांच्याशी आदराने वागे, चहा आणून देई. पण त्यांना हाक मारत नसे. समोर येऊन उभी राही आणि मग बोलू लागे. चोवीस वर्षे ज्या घराची त्यांनी आठवण काढली, त्या घरात ते पाहुण्यासारखे वावरत होते. अखेर शहरात एका कारखान्याच्या सुरक्षारक्षकांवर देखरेखीची नोकरी त्यांनी पत्करली. गोधडी द्यायच्या सत्काराच्या दुसऱ्या दिवशी निघायचे, असे ठरले.  उज्ज्वलाने त्यांची बॅग भरून ठेवली.

सत्काराला चार दिवस उरले असताना शालनने गोधडी आक्कांपुढे पसरली. बायका जमल्या होत्या. आक्कांनी कडेपासून मध्यापर्यंत सावकाश तळवा फिरवला आणि टाका सुंदर पडला आहे, असे सांगितले. मग कात्री मागितली. बायकांना वाटले, एखादे टोक कापायचे असेल. आक्कांनी मधल्या चौकोनाचा दोरा कापला आणि एकेक टाका उसवत पूर्ण गणवेश गोधडीतून वेगळा केला. त्याभोवतीच्या रंगीत पट्ट्याही काढल्या. उरली ती फक्त ताऱ्यांची किनार, आणि मध्ये उघडे अस्तर. काढलेल्या गणवेशाची त्यांनी घडी घातली आणि ती उज्ज्वलाच्या हाती दिली.

"हा त्याला परत दे," त्या म्हणाल्या. "हा त्याचा घालून झालाय."

 शालनचा चेहरा उतरला. आपले काय चुकले, एवढेच तिने विचारले.

"टाका चुकला नाही, पोरी," आक्का म्हणाल्या, आणि काठी घेऊन बाहेर पडल्या.

त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशीही त्या हणमंतरावांच्या भावकीत, शेजारात, घरोघर फिरल्या. गेल्या चोवीस वर्षांत जे फाटले, विटले, डागले, ते कापड द्या, असे त्या सांगत. उज्ज्वलाकडे त्या बराच वेळ बसल्या होत्या. ती आधी नको म्हणत होती, मग डोळे पुसत तिने ट्रंक उघडली, असे पाहणाऱ्यांनी सांगितले. शालन मात्र घरीच राहिली. म्हातारपणामुळे आक्कांची बुद्धी चळली असावी, असेही तिच्या मनात येऊन गेले. आपल्या हातचे काम दहाजणींसमोर उसवले गेले, हे तिला सहन होत नव्हते.

तिसऱ्या दिवशी दुपारी ती न राहवून गेली. आक्का दारात बसल्या होत्या. मांडीवर ती किनार, भोवती मळकट चिंध्यांचा ढीग. त्या सुईत दोरा ओवण्याचा प्रयत्न करत होत्या आणि दोरा पुन्हा पुन्हा बाजूने निसटत होता. शालन क्षणभर उभी राहिली. मग शेजारी बसून तिने त्यांच्या हातातली सुई घेतली, दोरा ओवून दिला, आणि स्वतःसाठी दुसरी सुई काढली. सायंकाळपर्यंत बाकीच्या बायकाही आल्या. कोणता तुकडा कुठला हे आक्कांनी सांगितले नाही आणि शालननेही विचारले नाही.

सत्कार शाळेच्या पटांगणात सकाळी झाला. भाषणे झाली, नारळ दिला, फेटा बांधला. मग गोधडी उलगडली गेली. किनार रेखीव होती. पण आत विटका हिरवा, धुवून पांढरट पडलेला निळा, एक जळका डाग असलेला तुकडा, एक नुसतेच मांजरपाटाचे जाडेभरडे कापड. सरपंचांनी अवघडून दुसरीकडे पाहिले. शालनला मान वर करवेना. हणमंतरावांनी दोन्ही हातांनी गोधडी घेतली, कपाळाला लावली आणि खुर्चीवर बसून मांडीवर ठेवली, जशी सभ्य माणूस कोणतीही भेट ठेवतो.

पुढचे वक्ते बोलत असताना त्यांचा हात सहज गोधडीवरून फिरत होता. एका जागी तो थांबला. गडद जांभळ्या रंगाचा तो तुकडा होता, कडेला पिवळी रेघ. त्यांनी तो बोटांनी चाचपला आणि उज्ज्वलाकडे पाहिले.

"हे आईचं लुगडं."

उज्ज्वलाने मान हलवली. शेवटचे सहा महिने आई हेच नेसायच्या, दुसरे नेसवले की काढून टाकायला लावायच्या, असे तिने हलक्या आवाजात सांगितले. तुम्ही रजेवर येताना आणलेले होते, म्हणून. हे तिने त्यांना कधी सांगितले नव्हते. फोनवर काय सांगायचे, असे तिला वाटले होते.

वक्ते बोलायचे थांबले. हणमंतराव आता एकेका तुकड्यावर बोट ठेवू लागले होते. जळका डाग कसला, ते उज्ज्वलाने सांगितले. एका उन्हाळ्यात गोठा पेटला होता आणि शेजारपाजाऱ्यांनी पोती भिजवून विझवला होता. ज्यांनी विझवला त्यांच्यापैकी एक म्हातारा तिथेच बसला होता, त्याने पुढचे सांगितले. निळा तुकडा ऋतुजाच्या शाळेच्या पहिल्या गणवेशाचा होता. मग त्यांचे बोट त्या मांजरपाटावर आले. त्यात ओळखण्यासारखे काहीच नव्हते.

"हे कशाचं?"

 ऋतुजा उठून पुढे आली.

"झोळीचं आहे," ती म्हणाली. "माझा हात मोडला होता, सात वर्षांची असताना. चिंचेवरून पडले. तेव्हा गळ्यात बांधली होती. तुम्हाला कळवायचं नाही असं ठरलं होतं. तुम्ही तिकडे एकटे काळजी करत बसला असता, म्हणून."

एवढे सलग ती त्यांच्याशी प्रथमच बोलत होती.

"कुठला हात?"

तिने डावा हात पुढे केला. कोपर किंचित बाकदार राहिले होते. रोज तो हात त्यांना चहा देत होता आणि त्यांच्या ते लक्षात आले नव्हते. हणमंतरावांनी तो हात दोन्ही हातांत घेतला. कोपरावर अंगठा ठेवून ते बसून राहिले.

"खूप दुखलं का गं?" त्यांनी विचारले.

"खूप," ऋतुजा म्हणाली. "मी तुम्हालाच हाका मारत होते, बाबा."

त्यानंतर सत्काराचा कार्यक्रम असा राहिलाच नाही. लोक खुर्च्या ओढून जवळ आले. ज्याने जो तुकडा दिला होता, त्याने त्याची हकिगत सांगितली. ऊन डोक्यावर आले तरी कोणी उठले नाही. हणमंतराव ऐकत होते, मध्येच कोणाचे नाव विचारत होते, एकदा हसलेही.

दुसऱ्या दिवशी ते शहराला गेले नाहीत. काही दिवसांनी येतो, असा निरोप त्यांनी धाडला. पुढच्या महिन्यातही ते गेले नाहीत, आणि मग तो विषय निघेनासा झाला.

सत्काराच्या दिवशीच सायंकाळी शालन आक्कांकडे गेली होती. ती पायांशी बसली. विचारायचे होते ते तिला शब्दांत सापडत नव्हते. आक्काच बोलू लागल्या.

"माझा मालक अठरा वर्षांनी परत आला, तेव्हा मी घर नव्यानं सारवलं. जुनं होतं नव्हतं ते सगळं टाकलं. नवी भांडी, नवं अंथरूण. त्याला कष्टाचं काही दिसू नये, असं वाटलं मला. तो महिनाभर घरात हिंडायचा, कोनाड्यात हात घालून बघायचा. काय शोधताय म्हणून विचारलं तर म्हणायचा, काही नाही. मग गिरणीवर राखणदार म्हणून गेला. दिवाळीला यायचा, पाहुण्यासारखा दोन दिवस राहायचा. तो काय शोधत होता, हे मला तो वारल्यावर कळलं."

मग त्या गोधडीबद्दल बोलू लागल्या.

"जवानानं तिकडं काय केलं, ते त्याला ठाऊक असतं. गणवेश त्याचाच, पदक त्याचंच. ते परत त्यालाच दिलं तर आपण काय दिलं? त्यानं आपल्याला इथली वर्षं दिलेली असतात, पोरी. आईजवळ बसायची, लेकराला उचलायची. आणि आपण त्याला कळवतो, सगळं ठीक आहे. तेही बरोबरच, दूरच्या माणसाला दुखणी कळवून काय करायचं? पण तो परत आला की ती वर्षं त्याची त्याला द्यावी लागतात. गेलेली वर्षं काही परत येत नाहीत. चिंध्या तेवढ्या राहतात. तुझी किनार होती म्हणून त्या एका जागी राहिल्या."

 बऱ्याच वेळाने शालन उठली, आक्कांच्या पायांवर डोके ठेवून घरी आली.

त्या रात्री नेहमीप्रमाणे तिच्या नवऱ्याचा फोन आला. घरी कसे आहे, त्याने विचारले. सगळे ठीक आहे, असे तिने नेहमीप्रमाणे सांगितले. मुलगी काय म्हणते, त्याने विचारले. झोपली आहे, ती म्हणाली. पलीकडे वारा वाहत असल्याचा आवाज येत होता. बराच वेळ दोघांपैकी कोणीच फोन ठेवला नाही.

आठवड्याने गल्लीत बोहारीण आली. जुने कपडे घेऊन ती स्टीलची भांडी देई. शालनने आधीच गाठोडे बांधून ठेवले होते. बोहारीण एकेक कपडा झटकून बाजूला ठेवत होती, तेवढ्यात ढिगातून एक लहानसे झबले निघाले. पावसाळ्यात मुलगी तापाने फणफणली होती, पाच दिवस तालुक्याच्या दवाखान्यात होती. तेव्हाचे ते झबले. छातीवर औषधाचा तांबूस डाग होता, कितीही धुतला तरी न गेलेला. शालनने नवऱ्याला यातले काहीच कळवले नव्हते.

तिने हात पुढे करून ते झबले काढून घेतले.

बोहारीण म्हणाली, डागाचे तर आहे, ते कोणाच्या काय उपयोगाचे?

"असू दे," शालन म्हणाली. "ते त्यांचं आहे."

आत जाऊन तिने सुईदोरा घेतला. झबल्याच्या कोपऱ्यावर बारीक टाक्यांत महिना आणि वर्ष घातले, घडी केली आणि ट्रंकेच्या तळाशी ठेवली. नवऱ्याची नोकरी अजून तेरा वर्षे बाकी होती.