घरीच असायची

मुरलीधरची बायको कुसुम ट्रकखाली सापडून गेली. भरपाईच्या दाव्यात विमा कंपनीच्या सबनीस वकिलांनी त्याला विचारलं, "बायको काय करायची?"

"काही नाही. घरीच असायची," मुरलीधर सवयीने बोलून गेला.

सबनीस खुलले. "ऐकलंत साहेब? जी काहीच करत नव्हती, तिची भरपाई कसली?"

तेवढ्यात मुरलीधरची आई गोदाक्का बाकावरून उठली. न्यायाधीशांनी बोलायची खूण केली.

"साहेब, मागच्या खेपेला हे वकीलसाहेब तुमच्याकडं हात जोडून पुढची तारीख मागत होते. बायको माहेरी गेलीय, घरात सगळी आबाळ झालीय, म्हणाले. यांची घरीच असणारी बाई चार दिवस नव्हती, तर तुमचं कोर्ट अडलं. माझी सून तर कायमची गेली. आमचं काय काय अडलं असेल, ते तुम्हीच ठरवा."

कोर्टात खसखस पिकली. सबनिसांची मान खाली गेली.

मुरलीधरची मान आधीच खाली गेली होती. वकिलाने नुसते त्याचेच शब्द उचलले होते. पाहुण्यांनी विचारलं की कुसुमच्या देखत तो हेच सांगायचा, आणि ती हसून चहा ठेवायला आत जायची.