खाडीतला गाळ कुणाचा

भैरवगड आणि सातवली या दोन राज्यांच्या मधून एकच खाडी वाहायची. ती गाळाने भरली आणि दोन्हीकडची गलबतं रुतून बसली. सातवलीच्या कारभारीण सगुणाबाई बोलणी करायला आल्या, तर भैरवगडचे राजे दरबारात गरजले, "गाळ तुमच्या डोंगरातून येतो. तो तुमचा, तुम्हीच उपसा."

सगुणाबाईंना हेच हवं होतं. त्या शांतपणे म्हणाल्या, "भर दरबारात माती आमची म्हणालात, उपकार झाले. आता उपसायची कशाला? आमच्याकडे खाजणात, म्हणजे खाडीत साचलेल्या गाळाच्या जमिनीत, बांध घालून भात लावतात. थेट तुमच्या धक्क्यापर्यंत लावू."

राजांनी मिशीवरचा हात खाली घेतला. "निम्मा गाळ आमचाही असेल."

"मग निम्मी फावडी तुमची," म्हणत सगुणाबाई उठल्या.