जोळीची हाक

ज्याच्या घरात देण्याजोगे काही उरलेले नाही, त्याच्या दारी जाऊन तुम्ही कधी काही मागितले आहे काय? दिले असेल. देणे त्या मानाने सोपे आहे. ते उंबऱ्याच्या बाहेरूनही उरकता येते. मी मागण्याविषयी विचारतो आहे. उत्तराची घाई नको. आधी कथा ऐकावी.

एकदा एक वृद्ध सत्पुरुष खाडीकाठच्या एका गावी येऊन राहिले. त्या प्रदेशास खारेपाट म्हणतात. तेथील भूमी भरतीच्या पाण्याहून खालच्या पातळीवर आहे, आणि शेत व सागर यांच्यामध्ये मातीचा एक लांब बांध तेवढा उभा असतो. बांध आहे तोवर भात आहे. बांधाला भगदाड पडले, ज्यास तेथे खांड म्हणतात, की खारे पाणी शेतात शिरते आणि पुढची काही वर्षे त्या मातीत तृणही उगवत नाही.

त्या गावी प्रत्येक जण आपापल्या शेतासमोरचा बांध बांधीत असे. प्रत्येकाचा तुकडा भक्कम होता. तरीही बांध वरचेवर फुटत होता. कारण तो फुटे दोन तुकड्यांच्या सांध्यावर, आणि सांधा कोणाचाच नव्हता. खांड पडली की अर्धे गाव उरलेल्या अर्ध्याला दोष देई. अशाच एका खांडीने चांगुणा नावाच्या स्त्रीचे शेत खारवून टाकले होते. त्यानंतरच्या वर्षी तिचा पती तापाने गेला. गाव निर्दय नव्हते. कोणी ना कोणी तिच्या ओटीवर तांदूळ ठेवून जाई. पण तांदूळ ठेवणारा थांबत नसे, आणि तीही दार उघडत नसे. दोन लेकरांना घेऊन वीटभट्टीवर निघून जायचे, असे तिने मनाशी ठरवले होते. तिचे गाठोडे बांधून तयार होते, आणि गावात कोणाला त्याची वार्ताही नव्हती.

सत्पुरुषांनी एक पावसाळा पाहिला. पुढे चैत्रात त्यांनी गावाला देवळात बोलावले आणि म्हणाले, "आजपासून बांध साऱ्यांचा. घरटी एक माणूस, स्वतःच्या देहाने, स्वतःच्या हाताने. आपल्या शेतासमोरचा तुकडा कोणीही बांधायचा नाही, दुसऱ्याचा बांधायचा. आणि सांध्यावर दोन्ही बाजूंच्या माणसांनी मिळून उभे राहायचे."

अशा सामुदायिक श्रमाला तिकडे जोळ म्हणतात. नाव गावाला ठाऊक होते. रीत मात्र आजोबांच्या पिढीबरोबर लोपली होती.

सत्पुरुषांजवळ एक शिष्य होता. शास्त्राध्ययन पूर्ण करून नुकताच आलेला, बुद्धीने तल्लख, मनाने कोमल. त्याला बरोबर घेऊन ते जोळीची पहिली हाक द्यायला निघाले. शिष्याला वाटले, गुरुजी प्रथम मोठ्या घरांकडे जातील. ते मोठी घरे मागे टाकून थेट चांगुणेच्या झोपडीपाशी थांबले.

"चांगुणाबाई, उद्या जोळ आहे. गावाला तुझे हात हवेत. टोपली घेऊन ये."

आत पावले वाजली. मग दार उघडले.

"बाबा, तुमी वाट चुकलात," चांगुणा म्हणाली. "हे चांगुणेचं घर. इथं मागायला कोणी येत नाय. माज्या घरात उंदीर पण उपाशी मरतो."

"मी धान्य मागितलेले नाही."

"शेत खारवलं माजं. मी बांधू कोणासाठी?"

"शेटजींच्या शेतासमोरचा तुकडा तुझ्याकडे आहे."

ती हसली, त्या हसण्यात सुख नव्हते. "शेटचा बांध मी बांधू? आन माज्या शेताचा?"

"तो शेटजी बांधतील."

"शेट!" ती म्हणाली. "त्यांच्या चपलेला तरी चिखल ठावा हाय का? टोपली हाय माजी, पण तिचं बूड गेलंय."

"मग आज ते विणून घे," सत्पुरुष म्हणाले, आणि वळले.

वाटेत शिष्याला राहवेना. "गुरुजी, क्षमा असावी. जिला दोन घास आपण द्यायचे, तिच्याकडे आपण श्रम मागितले. ही करुणा नव्हे. मला तर ही क्रूरता वाटते."

"शेटजींकडे जाऊन येऊ," सत्पुरुष म्हणाले. "मग बोलू."

शेट हा तांदळाचा आणि मिठाचा व्यापारी; गावातील सर्वांत मोठी जमीन त्याची. त्याने पाट मांडला, पाणी दिले, सारे ऐकून घेतले आणि मोकळेपणाने म्हणाला, "बाबा, तुमी साधुपुरुष. चिखलात कशाला उतरता? पलीकडच्या गावातून मजूर आणतो. माझा नव्हे, अख्ख्या गावाचा बांध बांधून देतो. देवाचं दिलेलं आहे माझ्याकडे."

"शेटजी, मला बांध नको आहे."

व्यापारी गोंधळला. "मग काय हवं?"

"तुमचे दोन हात."

"हातांची कामं करायला हात विकत मिळतात, बाबा," व्यापारी म्हणाला आणि प्रसन्नपणे हसला. "बरं, तुमच्या शब्दाखातर चांगुणेच्या शेतापुढचा तुकडा माझा. झालं?"

बाहेर पडताच शिष्य म्हणाला, "गुरुजी, साऱ्या गावाचे कष्ट वाचत होते. आपण ते नाकारले. आणि जी खचली आहे, तिला बोलावले. मला यातील धर्म दिसत नाही."

सत्पुरुष चालता चालता थांबले.

"ऐक. ज्याला आपण केवळ देत राहतो, त्याला आपण हळूहळू गावाबाहेर बसवतो. त्याचे पोट भरते. त्याचे नाव पुसले जाते. चांगुणेला या गावाने तांदूळ दिले. 'तुझ्यावाचून आमचे अडते' असे तिला कोणी म्हणाले नाही. तिचे गाठोडे तू पाहिलेस? कोपऱ्यात होते. ती उपाशी आहे म्हणून जात नाही. ती कोणालाच नको आहे, असे तिला वाटते म्हणून जाते आहे. गाव घरांनी होत नाही. ज्या घराकडे गाव काही मागते, तेच घर गावाचे. म्हणून मी जोळ तिच्या दारापासून मांडली. शेटजींचे म्हणशील, तर त्यांनी बांध दिला असता आणि आपल्याला साऱ्यांना आश्रित केले असते."

"आणि दुसऱ्याचा तुकडा बांधण्याची आज्ञा?"

"स्वतःचा तुकडा माणूस लोभानेही नीट बांधतो. शेजाऱ्याचा नीट बांधायला ईश्वराचे भय लागते."

शिष्य गुरूंमागून चालू लागला. त्याला ते पटले नव्हते. 

दुसऱ्या दिवशी चांगुणा आली. टोपलीला नवे बूड होते. ती कोणाकडे न पाहता शेटच्या शेतासमोर उभी राहिली आणि चिखल ओढू लागली. दुपारपर्यंत तिच्याशी कोणी बोलले नाही. काय बोलावे, हे कोणाला सुचत नव्हते. शेवटी शेजारच्या तुकड्यावरची पोसूआजी, जिची जीभ साऱ्या गावात विख्यात होती, ओरडली, "ए चांगुणे, चिखल थापतेस का भाकर? पाय घाल, पाय! हलक्या पायानं बांध बसत नाय!"

"तुजा पाय जड, आजी, तू तिथं नुसती उभी राहा. बांध आपोआप बसेल," चांगुणा म्हणाली.

बांध हसला. मग म्हातारीने शिष्याकडे मोहरा वळवला. "आन पंडित, तुमी काठावर काय जप करता? चिखलाला संस्कृत कळत नाय. धोतर खोचा!"

शिष्याने धोतर खोचले. सायंकाळी पोसूआजी आपल्या वाट्याची भाकरी मोडून चांगुणेपाशी बसली. त्या दिवसानंतर चांगुणेच्या ओटीवर तांदूळ ठेवून पळणारे कोणी राहिले नाही. ज्याला द्यायचे, तो हाक मारून, आत बसून देऊ लागला. आणि ती कोणाचे मूल सांभाळी, कोणाच्या टोपल्या विणून देई. गाठोडे केव्हा सुटले, ते तिलाही सांगता आले नसते.

वैशाख सरेपर्यंत बांध उभा राहिला. त्या गावाकडे पाहून मला अभिमान वाटतो, हे मी लपवीत नाही. वरून कोणा सत्तेचा हुकूम नव्हता; कोणाची देणगी नव्हती. शेजाऱ्याच्या शेतासाठी चिखलात उतरलेली माणसे होती, एवढेच.

एक तुकडा तेवढा निराळा होता. व्यापारी जोळीला एकदाही आला नाही. त्याने पलीकडच्या गावाहून मजूर आणले. मजुरांनी विचारले, "शेट, किती भक्कम बांधायचा?" व्यापारी म्हणाला, "समोरचं शेत खारवलेलंच आहे. खाऱ्याला आणखी काय खारवणार? वरून नीट दिसला म्हणजे झालं." मजुरांनी पोटात झुडपे आणि कोरडी माती भरली, वरून ओला चिखल सारवला. तुकडा सर्वांत आधी पुरा झाला आणि दिसायलाही सर्वांत सुंदर झाला. गावाने तो पाहिला आणि वाखाणला. ही गावाची चूक. जोळीत चिखल तुडवणारे पाय मोजावेत. रूप पाहू नये.

आषाढ अमावास्येला, लावणी नुकतीच आटोपली असताना, भर दुपारी उधाण आले. देवळातील शंख वाजला. दारोदार हाक फिरली आणि घरटी एक माणूस बांधावर धावला.

फुटला तो व्यापाऱ्याने बांधलेला तुकडा. कोरडी माती साखरेसारखी विरघळली. खाऱ्या शेताला आणखी काही खारवायचे नव्हते, हे खरे. पण पाण्याला शेतांच्या हद्दी ठाऊक नसतात. ते चांगुणेचे शेत ओलांडून साऱ्या गावाच्या रोपांकडे निघाले. त्यांत सर्वांत मोठे शेत व्यापाऱ्याचे.

व्यापारी आपल्या ओटीवरून ओरडला, "मजुरांना न्या! हवे तेवढे न्या!" मजूर आले, त्यांनी पाणी पाहिले, आणि त्यांतील मुकादम नम्रपणे म्हणाला, "आमी पोटासाठी आलो बाबा, मरायला नाय." ते परतले. त्यांना मी दोष देत नाही. त्यांच्याशी जसा व्यवहार झाला होता, तसेच ते वागले.

खांडीसमोर प्रथम चांगुणा उतरली. पाणी तिच्या छातीला लागत होते. तिला कोणी सांगितले नव्हते, आणि तिचे शेत तर बुडूनच गेले होते. "धरा गं मला!" एवढे ती म्हणाली. शेजारच्या दोघींनी तिचे हात धरले, त्यांचे इतरांनी धरले, आणि देहांची एक भिंत पाण्यात उभी राहिली. मागून टोपल्यांची ओळ चालू झाली. शिष्य त्या ओळीत होता. कोणाच्या हातून टोपली आली आणि कोणाच्या हाती गेली, हे त्याला कळत नव्हते. ओळ थांबली नाही, एवढेच कळत होते. ओहोटी लागली तेव्हा खांड भरलेली होती. काही वाफे गेले. गाव वाचले. व्यापाऱ्याचे पीक अखंड राहिले, कारण खांड वेळेत भरली आणि त्याच्या शेतासमोरचा बांध चांगुणेने पायांनी तुडवून बसवला होता.

चिखलाने माखलेला शिष्य गुरूंपाशी येऊन बसला. तो काही विचारील, असे त्यांना वाटले.  त्याने वाकून फक्त त्यांच्या पायांना हात लावला.

देवळात सभा बसली. तरुण संतापलेले होते. कोणी म्हणे, शेटचे पीक पाण्याला द्या. कोणी म्हणे, गावातून काढा. व्यापारी तांदळाची पोती घेऊन आला होता. "झालं ते झालं," तो म्हणाला. "भरपाई घ्या."

सत्पुरुष म्हणाले, "शिक्षा चांगुणा सांगेल. तुकडा तिच्या शेतापुढचा होता."

चांगुणेने पदर सावरला. "शेट, तांदूळ परत न्या. तुमच्या शेतापुढचा बांध आमी दरसाल बांधू. त्यात उणं होणार नाय. पण जोळीची हाक तुमच्या दारी येणार नाय. एका दिवशी तुमी कोणाच्याबी दारात उभं राहून, 'मला तुमची गरज हाय,' एवढं बोला. त्या दिवसापासून हाक सुरू."

व्यापारी सभेतच हसला. घरी जाऊन पत्नीला म्हणाला, "बांध फुकट आणि चिखलातून सुटका. अडाणी बाई, शिक्षा द्यायची ती बक्षीस देऊन बसली."

पहिले वर्ष त्याने ते बक्षीस भोगले. दुसऱ्या वर्षी हाक देणारा शेजारच्या दारी थांबला, त्याचे दार ओलांडून पुढच्या दारी थांबला, आणि व्यापाऱ्याच्या हातातला घास क्षणभर तसाच राहिला. पुढे लोक त्याला पूर्वीसारखेच नमस्कार करीत, लग्नकार्यात वरचा पाट देत, त्याच्या दुकानातून मीठ नेत. बांधावरच्या थट्टा मात्र त्याला कळेनाशा झाल्या. चार माणसे हसत. तो आला की अदबीने गप्प होत. एकच वाक्य बोलायचे होते. ते त्याने अनेकदा ओठांपर्यंत आणले. पण ज्याने आयुष्यभर हात विकत घेतले, त्याला हात मागता येईनात.

सत्पुरुष निवर्तले. शिष्य त्याच गावी राहिला. वर्षे गेली, आणि एका अमावास्येला पुन्हा मोठे उधाण आले. शंख वाजला. व्यापारी आता वृद्ध झाला होता. तो न बोलावता काठी टेकीत बांधावर आला. टोपल्या हातोहात चालल्या होत्या. तो ओळीपाशी, दोन माणसांच्या मध्ये, येऊन उभा राहिला. त्याचे ओठ हलले. साऱ्यांनी पाहिले, चांगुणेनेही पाहिले, आणि तिने हातातली टोपली क्षणभर रोखून धरली.

"किती मजूर लागतील?" तो म्हणाला.

चांगुणेने टोपली पुढे दिली. "नको, शेट," शेजारचा तरुण अत्यंत आदराने म्हणाला. "तुमी बाजूला उभे राहा. पाय घसरेल."

आणि त्याला वगळून ती दोन माणसे एकमेकांकडे एकेक पाऊल सरकली, आणि ओळ जुळली.