एकच बटण

आमच्या शाळेची जुनी संगणक खोली पाडली. तिथे आता सायकली लावतात. तिथून जाताना मला आठवीतली ईशानी आठवते.

एक भाग बदलताना दुसरा बिघडू नये, म्हणून आम्ही दोघींनी ग्रंथालयाचा प्रोग्राम लहान लहान भागांत लिहिला होता. परीक्षक दाभाडेसाहेबांनी पसंत केला, तरच तो जिल्हा प्रदर्शनात जाणार होता.

“एवढे तुकडे कशाला गं? मी सगळं एकाच फाइलमध्ये लिहितो!” साहेब हसले. माझी मान खाली गेली.

“पडद्यावर दिसत नाही. पुढची ट्यूब तेवढी बंद कर,” साहेबांनी ईशानीला सांगितलं.

ईशानीने मेन स्विचच बंद केला. दिवे, पंखे, संगणक, सगळंच थांबलं.

“अगं, हे काय केलंस?”

“सर, सगळं एकाच बटणावर चांगलं ना?”

साहेबांनी खिशातून पेन काढलं. मग म्हणाले, “दिवे लाव पोरी, मला पसंतीची सही करायची आहे.”