कुठल्याच बाजूला न झुकलेला पूल

पाणकुसवे गावात येसबा नावाचा एक भोळा कारकून होता. सांगाल तेवढंच करायचा. कमी नाही, जास्त तर नाहीच.

गावाच्या एका अंगाला घरं, दुसऱ्या अंगाला शाळा, आणि मधून ओढा. पोरं दप्तरं डोक्यावर घेऊन पाण्यातून शाळेत जायची. शेवटी एकदाचं पुलाचं टेंडर निघालं. साहेबांनी येसबाला बजावलं, "काळ्या यादीतल्या माणसाला अजिबात घ्यायचं नाही."

"नाही घेत," येसबा म्हणाला.

टेंडर भरणाऱ्यांची त्यानं यादी केली. दौतीतली शाई काळी होती. पहिलंच नाव पिराजी गवंड्याचं. त्यानं बांधलेला पूल कधी हलला म्हणून ऐकिवात नव्हतं. येसबानं यादीकडे पाहिलं. यादी काळी. त्याला फार वाईट वाटलं, पण करतो काय? सगळ्यांना बाद केलं.

पिराजी धावत आला. "अरे, मी काय केलं?"

"तुम्ही काळ्या यादीत आहात."

"कुणी घातलं मला?"

"मीच. आत्ताच."

पिराजी कोर्टात गेला. न्यायाधीश येसबाला म्हणाले, "पूल कुणी बांधावा ते आम्ही सांगणार नाही. तुम्ही रीतसर ठरवलंत का, एवढंच आम्ही बघतो. कुणालाही बाहेर काढण्याआधी त्याचं म्हणणं ऐकून घ्यायचं असतं."

येसबाला पटलं.

टेंडर पुन्हा निघालं. पाकिटं टेबलावर ठेवलेली. भर दुपारी देवाला सोडलेला वळू कचेरीत शिरला आणि पाकिटं खाऊ लागला.

"येसबाभाऊ, बाहेर काढा त्याला!" शिपाई ओरडला.

"असं कसं? आधी म्हणणं ऐकायला हवं." येसबा खुर्ची ओढून वळूसमोर बसला. "हं, बोला."

वळू चावत राहिला.

"तोंडात घास आहे," येसबा शिपायाला म्हणाला. "जेवण होऊ दे, मग बोलतील."

जेवण झालं तेव्हा पिराजीचं पाकीट पोटात गेलं होतं. पाकीट नाही म्हणून पिराजी पुन्हा बाद. पिराजी पुन्हा कोर्टात.

"याला का बाद केलंत?" न्यायाधीशांनी विचारलं. "कारण कुठं लिहिलंय? यापुढे कारण लिहिल्याशिवाय एक पाऊलही उचलायचं नाही!"

येसबा मान हलवून गावाकडे निघाला. ओढ्यापाशी येतो तर शाळेच्या मालनबाई पाय घसरून पाण्यात पडलेल्या.

"येसबा, हात दे रे!"

येसबानं पाऊल उचललं. मग आठवलं. पाऊल खाली ठेवून त्यानं खिशातली पेन्सिल काढली.

"बाई, तुम्हाला बाहेर काढायचं कारण काय लिहू?"

"मी बुडतेय!"

"बुडताय की वाहताय? नक्की सांगा, कोर्टात विचारतात."

पुढच्या वळणावर म्हशी धुणाऱ्यांनी बाईंना ओढून काढलं. ओल्या साडीनिशी त्या येसबासमोर उभ्या राहिल्या. "तुझं कारण लिहून होईतो मी मेले असते रे!" येसबाच्या डोळ्यांत पाणी आलं. काही झालं तरी यंदा पूल करायचाच, असं त्यानं मनाशी ठरवलं.

तिसऱ्यांदा टेंडर उघडायच्या दिवशी त्यानं पिराजीला आपल्या खुर्चीत बसवलं, चहा पाजला. दुसरा ठेकेदार मुरकुटे तिकडे दारात उन्हात उभा. या खेपेला मुरकुटे कोर्टात गेला.

न्यायाधीश आता येसबाला ओळखायला लागले होते. त्यांनी कपाळाला हात लावला. "अहो, तुम्ही कुठल्याच बाजूला झुकायचं नाही. ना या बाजूला, ना त्या बाजूला. अगदी मधोमध राहायचं. कळलं?"

"कळलं," येसबा म्हणाला. आणि त्याला खरंच कळलं होतं.

त्यानं सगळ्यांचं ऐकलं. कारणं लिहिली. चहा कुणालाच दिला नाही. काम पिराजीला मिळालं. मुरकुटेलाही काही बोलता येईना. पिराजीनं गावाकडच्या काठावर कुदळ मारली, तोच येसबा धापा टाकत आला.

"इथं नको! ही एक बाजू झाली."

"बरं, पलीकडून सुरू करतो."

"ती दुसरी बाजू!"

"अरे बाबा, पूल दोन्ही बाजूंना टेकावा लागतो!"

"कोर्टाचा हुकूम आहे. अगदी मधोमध."

पिराजी कोर्टाचे जिने चढून थकला होता. सांगितलं तसा त्यानं बांधला. पूल झाला मात्र बेलाग! ओढ्याच्या ऐन मध्यात, दोन्ही काठांपासून लांब. माणसं कमरेएवढ्या पाण्यातून जायची, पुलावर चढायची, पुलावरून चालायची आणि पलीकडे पुन्हा पाण्यात उतरायची.

अख्खा गाव कोर्टात गेला. न्यायाधीशांनी कागद वाचले. सगळ्यांचं ऐकलेलं, कारणं दिलेली, पक्षपात कुठंच नाही. "निर्णय रीतसर आहे," ते म्हणाले. "पूल कसा आहे, ते बघणं आमचं काम नाही." गावाचा अर्ज फेटाळला.

येसबा पहिल्यांदाच जिंकला होता. हसत हसत तो ओढ्यावर आला. मालनबाई साडी खोचून काठावर उभ्या होत्या.

"येसबा, आता आम्ही शाळेत जायचं कसं?"

"पुलावरून जा की, बाई! आता फक्त पुलापर्यंत जायला एक पूल हवा. नाही, दोन हवेत. या बाजूनं एक, त्या बाजूनं एक. कुणावर अन्याय नको. टेंडर उद्याच काढतो."