पोस्टमास्तरांची खुर्ची

"मास्तर, आज तरी बसाल ना?"

श्रीनाथनं विचारलं. धुरी मास्तर छत्री काखेत धरून सेटभर फिरत राहिले.

सिनेमांसाठी घरं उभी करण्यात मास्तरांची चाळीस वर्षं गेली होती. त्यांचा एक हट्ट साऱ्या स्टुडिओला ठाऊक होता. शिष्याच्या सेटवर ते कधी बसत नसत. ज्या दिवशी आपण होऊन बसतील, त्या दिवशी शिष्य सुटला. मग पडद्यावर कला दिग्दर्शक म्हणून त्याचं एकट्याचं नाव.

श्रीनाथ कोचरेकर बारा वर्षं त्या दिवसाची वाट बघत होता. हातात कसब होतं, आणि गर्व त्याहून चार बोटं जास्त.

उद्यापासून चित्रीकरण होतं.

घर होतं एका म्हाताऱ्या पोस्टमास्तरांचं. गोष्टीत ते वारतात आणि त्यांची बायको रिकाम्या खोलीत परत येते. श्रीनाथनं जुन्या बाजारातून पितळी तांब्या शोधून आणला होता. भिंतीचे पोपडे काढले होते. दाराची कडी झिजेपर्यंत घासली होती. खरं सांगायचं तर नाव ठेवायला जागा नव्हती.

मास्तर उभेच.

"काय कमी आहे ते तरी सांगा!" श्रीनाथचा आवाज चढला.

"पोस्टमास्तर बसायचे कुठं?"

"या खुर्चीवर. भिंतीला टेकून. तीस वर्षं."

"डोकं कुठं टेकायचं?"

श्रीनाथनं भिंतीवर बोट ठेवलं...

बोट तिथंच राहिलं. भिंत कोरी होती.

"आमच्या बाबांचा डाग होता," तो म्हणाला. "वेंगुर्ल्याला, पडवीत. खोबरेल तेलाचा. ते गेल्यावर दिवाळीला मीच त्यावर रंग दिला."

"मग?"

"आई दोन दिवस बोलली नाही माझ्याशी. मला वाटलं, रंग आवडला नाही तिला..."

मास्तर दाराबाहेर जाऊन उभे राहिले.

ब्रश हाताशी होता. पाच मिनिटांचं काम होतं. पण श्रीनाथनं ब्रशला हात लावला नाही. केस विंचरणाऱ्या बाईंकडून त्यानं खोबरेलाची बाटली मागून आणली. डोक्याला चपचपीत तेल लावलं, खुर्चीवर बसला आणि मान मागं टाकली.

डोळे मिटले. गाल भिजले, ते त्यानं पुसले नाहीत.

तास गेला, दोन तास गेले. मधेच तो मान हलवी, पुन्हा टेकवी, नवीन तेल लावी. मास्तर बाहेर उभे, श्रीनाथ आत बसलेला. असा उलटा प्रकार स्टुडिओत कुणी पाहिला नव्हता.

शेवटी तो उठला.

भिंतीवर ताटलीएवढा काळपट डाग होता.

खोली तीच होती. पण आता तिच्यात मोठ्यानं बोलवेना.

बाबल मेस्त्री विसरलेला हातोडा न्यायला आला. दोन पावलं आत टाकली, डागाकडे पाहिलं आणि थबकला. तसाच मागं फिरला, उंबऱ्याबाहेर चपला काढल्या आणि अनवाणी आत आला. हे घर त्यानंच गेल्या आठवड्यात प्लायचं ठोकलं होतं.

 बसाल का, हे विचारायचंही श्रीनाथला आता सुचलं नाही. तो भिंतीपासून बाजूला सरला आणि खाली मान घालून उभा राहिला.

मास्तरांनी चपला काढल्या. छत्री दाराशी टेकवली. हळूहळू चालत ते खुर्चीपाशी आले... आणि गुडघ्यावर हात देत खाली जमिनीवर बसले.

श्रीनाथ धावला. "मास्तर, खाली कशाला? खुर्चीवर बसा ना."

मास्तरांनी त्याचा हात धरून त्यालाही शेजारी बसवलं.

"तिथं नको रे. त्यांची यायची वेळ झाली."